विरी

डॉक्टर म्हणाले, गहू कणभरसुद्धा नाही.
मी विचारलं, कणभर म्हणजे किती?
चेष्टा नव्हती.
भोसरीच्या शॉपमध्ये एकोणीस वर्षं मी मायक्रॉनमध्ये बोलतोय,
टॉलरन्स सांगितल्याशिवाय मला काम समजत नाही.
त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.
शून्य, म्हणाले.

त्या रात्री वृषालीने कणकेचा डबा
समोरच्या बलकवडे वहिनींना देऊन टाकला,
पोळपाट-लाटणंही. लाकडाच्या भेगांत
काय काय बसलेलं असतं.
हिंगाची डबी सर्वात शेवटी गेली.
हिंगातही गहू असतो,
हे मला त्रेचाळिसाव्या वर्षी कळलं.
कृत्तिका आठ वर्षांची. तिने विचारलं,
म्हणजे मला आता रोज उपास?

धायरी फाट्यावर दारवटकरांच्या गिरणीत गेलो.
ज्वारी दळायची होती. आधी काय दळलंत?
सकाळपासून गहूच की साहेब.
गहू त्यांच्या भुवयांवर होता,
ट्यूबलाइटवर, पंख्याच्या पात्यांवर,
भिंतीवरच्या कॅलेंडरातल्या गणपतीच्या सोंडेवर.
मी पिशवी न उघडताच परतलो
आणि शर्ट थेट बादलीत टाकला.

मग मिक्सर. नवा, फक्त तिचा.
धुतलेली ज्वारी गच्चीत वाळवून,
थोडी थोडी दळून, वस्त्रगाळ करून.
वाढदिवसाला केक नको म्हणाली होती.
मागच्या वेळी शाळेत एकीच्या केकपुढे
ती स्वतःच्या डब्यातला चिवडा खात उभी होती,
हे मला बाईंकडून कळलं, तिच्याकडून नाही.

दिव्याहून अंजीर घेऊन येणाऱ्या मावशी
सिंहगड रोडला पुलाच्या अलीकडे बसतात.
पाटीत अंजिराचीच पानं, त्यांवर फळं.
मी हात पुढे केला तशा म्हणाल्या,
दाबू नका दादा, देठाकडे बघा.
देठाशी चीक वाळलेला, सालीला बारीक चिरा.
आमच्याकडे अशा चिरांना रिजेक्शन म्हणतात.

पहिला टार्ट साच्यातून काढला
आणि तो वाळू झाला.
दुसरा कापताना.
तिसरा मी नुसता बघितला आणि तो खचला.
पिठाचे कण एकमेकांना ओळखतच नव्हते,
सोमवारी कामावर आलेल्या
कॉन्ट्रॅक्टच्या पोरांसारखे.
मी ग्रॅम बदलले. तूप बदललं.
ओव्हनमध्ये थर्मामीटर ठेवला,
चौदा डिग्रीची लबाडी पकडली.
तरी वाळू.

बलकवडे वहिनी पोळपाटाचं विचारायला आल्या होत्या,
खरंच नको ना तुम्हाला?
त्यांनी परातीतला भुगा चिमटीत धरला, सोडला.
विरी कुठाय याला? म्हणाल्या.
आधण टाका की. भाकरीला काय करता?

विरी.
मी आठवडाभर वहीत लिहीत होतो, बाइंडर, बाइंडर,
आणि हा शब्द आमच्याच घरात
रोज संध्याकाळी तव्याशेजारी उभा असायचा.

उकळतं पाणी, चिमूटभर मीठ, अर्धं पीठ.
झाकण. वाफ. हात भाजेपर्यंत मळणं.
मग तूप, गूळ, उरलेलं पीठ.
साच्यात अंगठ्याने दाबत गेलो,
कडेला माझ्या अंगठ्याचे ठसे तसेच राहिले.
वर अंजिराच्या चकत्या, थोडं लिंबू.
एकशेऐंशीवर पस्तीस मिनिटं,
त्यातली तीस मी ओव्हनसमोर स्टुलावर काढली.
गुळाचा वास जिन्यात गेला असावा,
कारण दुसऱ्या मजल्यावरून कोणीतरी खोकल्याचं नाटक करत
उगीचच वर येऊन गेलं.

शनिवारी सहा पोरी आल्या.
मी सुरी टेकवली. कड मोडली नाही.
थोडी मोडली.

कृत्तिकाने पहिला तुकडा उचलला
आणि सवयीने माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली.
तिने तो खाल्ला नाही.
शेजारच्या याज्ञीपुढे बशी धरली
आणि अगदी तिच्या डॉक्टरांसारखं,
चष्मा नसताना चष्म्यावरून बघत विचारलं,
तुला चालतं ना हे?

याज्ञी म्हणाली, बिया दातात अडकतात.
आणि दुसरा तुकडा मागितला.